आकडा 5 वर ठेवा, म्हणजे नक्की किती?

दाणेदार खताच्या पिशवीवर कधीकधी छापलेले असते, 'स्प्रेडर (खत पसरवण्याचे ढकलयंत्र) अमुक आकड्यावर ठेवा'. लोक निमूटपणे तो आकडा लावून यंत्र ढकलतात आणि पुढे गवतावर गडद-फिकट पट्टे उमटले की खताच्या नावाने बोटे मोडतात. तो आकडा ना किलोचा, ना ग्रॅमचा. डब्याच्या तळाची झडप किती उघडी आहे, एवढीच ती खूण. एका यंत्राचा 5 दुसऱ्याच्या 5 शी जुळेलच असे नाही, आणि झडप झिजली की स्वतःच्याच जुन्या 5 शीही जुळत नाही. त्यामुळे कॅलिब्रेशनला, म्हणजे आपल्या यंत्रातून प्रत्यक्ष किती खत पडते ते मोजून आकडा ठरवण्याला, पर्याय नाही, आणि त्यासाठी वजनकाटा पुरतो.

हिशेब शाळेतलाच आहे. हिरवळीला एका वेळी दर चौरस मीटरला साधारण 5 ग्रॅम नायट्रोजन देतात. खतात 20 टक्के नायट्रोजन असेल तर 25 ग्रॅम खत लागेल. युरियात 46 टक्के असतो, म्हणून तो जेमतेम 11 ग्रॅम. डब्यात 5 किलो खत घाला, नेहमीच्या चालीने 20 मीटर जा, उरलेले तोला. समजा 3.2 किलो उरले. यंत्राचा पट्टा 3 मीटर रुंद असेल तर 1.8 किलो खत 60 चौरस मीटरवर पडले, म्हणजे चौरस मीटरला 30 ग्रॅम. हवे होते 25. झडप थोडी मिटायला हवी, पण किती?

टाकीतले पाणी उतरले की नळाची धार मंदावते. दाण्यांचे तसे होत नाही. डबा भरलेला असो की अर्धा, भोकातून दर सेकंदाला जवळपास तेवढेच खत पडते. जर्मन अभियंता यानसन याने 1895 मध्ये धान्याच्या कोठारांबाबत दाखवले, की दाण्यांचा बराचसा भार घर्षणामुळे भिंतीच पेलतात आणि ठरावीक खोलीनंतर तळावरचा दाब वाढायचाच थांबतो. भोकाच्या तोंडाशी तर त्या दाबाचीही फारशी मातब्बरी नसते. तिथे दाण्यांची कमान सतत बनते आणि मोडते. कमानीतून सुटलेला दाणा जवळजवळ शून्य वेगापासून खाली पडू लागतो. कमानीची उंची भोकाच्या व्यासाएवढी धरा. मग पडणाऱ्या दाण्याचा वेग व्यासाच्या वर्गमुळाच्या प्रमाणात, भोकाचे क्षेत्रफळ व्यासाच्या वर्गाच्या प्रमाणात. दोन्हींचा गुणाकार केला की व्यासाचा अडीचावा घात! बेव्हर्लू आणि सहकाऱ्यांनी 1961 मध्ये हाच नियम प्रयोगांतून मांडला. त्यांच्या प्रयोगांत बियाही होत्या. त्यात एक दुरुस्तीही आहे. व्यासातून दाण्याच्या आकाराच्या साधारण 1.4 पट वजा करायचे, कारण कडेला चिकटून दाणे नीट सुटत नाहीत. म्हणून जाड दाण्याचे खत त्याच भोकातून कमी पडते. भोक दाण्याच्या चार-पाच पटींपर्यंत लहान केले तर कमान अडूनच बसते; डब्यात ढवळणी असते ती यासाठी.

आता आपला प्रश्न. प्रवाह सहाव्या भागाने कमी करायचा तर गोल भोकाचा व्यास फक्त 7 टक्के कमी करावा लागतो. झडप लांबट फटीची असेल आणि फक्त रुंदी बदलत असेल, तर घात दीडचा, आणि रुंदी सुमारे 11 टक्के कमी करायची. प्रत्यक्ष भोके वेड्यावाकड्या आकाराची असतात, तेव्हा गणिताने अंदाज घ्यावा आणि पुन्हा तोलून पाहावे.

फिरत्या चकतीच्या यंत्राबद्दल एक गोड समज आहे: चकती चाकावर चालते, म्हणून हळू चाललो तरी मात्रा आपोआप जुळते. चकती मंदावते खरी, पण झडपेतून खत गुरुत्वाकर्षणाने पडते, आणि त्याला तुमच्या चालीशी देणेघेणे नाही. ताशी 5 ऐवजी 4 किलोमीटरने चाला, दर मीटरला सव्वापट खत पडेल. शिवाय मंद चकती ते जवळच फेकते, म्हणजे अरुंद पट्ट्यात आणखी दाट. अशाने गवत करपले की 'अमक्याच्या हाताला गुण नाही' म्हणणारे भेटतातच. हाताचा इथे काय संबंध? खताचे मिठासारखे तीव्र द्रावण मुळांतले पाणी ओढून घेते, आणि ते कोणाच्याही हातून पडले तरी ओढणारच.

पट्ट्याची रुंदी मात्र डोळ्यांनी ठरवू नये. चालण्याच्या दिशेला आडव्या ओळीत सारख्या ताटल्या मांडा, वरून यंत्र न्या आणि प्रत्येकीतले खत तोला. मधोमध सर्वांत जास्त असते, कडेला विरळ. दोन्ही बाजूंना मधल्याच्या निम्मे जिथे पडते, त्या दोन जागांमधले अंतर हीच कामाची रुंदी. शेजारच्या फेऱ्या तेवढ्या अंतरावर ठेवल्या की दोन निम्मे मिळून एक पुरा होतो. गवताच्या बियांसाठी हे सगळे नव्याने करावे लागते. बी हलके, हवा त्याला लवकर अडवते, आणि खतासाठी मोजलेली रुंदी त्याला सहसा लागू पडत नाही.