मदत कोणाला? स्थलांतरितांवरच्या जुन्या वादाची पार्श्वभूमी

स्थलांतरितांना सरकारी मदत द्यावी का, हा वाद अमेरिकेत बेकायदा आलेल्यांच्या नावाने लढला जातो. कायद्याची कुऱ्हाड मात्र वारंवार रीतसर परवानगी घेऊन आलेल्यांवर पडली आहे.

वादाचं मूळ देशाच्या सीमेवर नव्हे, गावाच्या वेशीवर सापडतं. इंग्लंडमध्ये १६०१ च्या कायद्याने गरिबांना पोसण्याची जबाबदारी प्रत्येक पॅरिशवर, म्हणजे चर्चच्या हद्दीतल्या वस्तीवर टाकली आणि खर्च तिथल्याच करातून भागवायचा होता. बाहेरून येणाऱ्याकडे संशयाने पाहिलं जाणार, हे ओघानेच आलं. १६६२ पासून वर्षाला १० पौंडांपेक्षा कमी भाड्याच्या जागेत उतरलेल्या माणसाला ४० दिवसांच्या आत तक्रार करून मूळ पॅरिशकडे परत धाडता येऊ लागलं. त्याने मदत मागितलेली असायलाच हवी असं नव्हतं. पुढे मागेल, एवढा अंदाज पुरत असे. लग्न न झालेल्या गरोदर बायकांचे सर्वांत जास्त हाल झाले. अनौरस मूल जिथे जन्मेल त्या पॅरिशचं ठरे, म्हणून अवघडलेल्या बाईला हद्दीपार करण्याची घाई चाले. १७९५ मध्ये प्रत्यक्ष मदत मागेपर्यंत कुणाला हलवायचं नाही असं ठरलं, पण या बायकांना ते संरक्षण मिळालं नाही.

अमेरिकेने हाच अंदाजाचा निकष १८८२ मध्ये केंद्रीय कायद्यात आणला. सरकारवर भार होईल असं वाटणाऱ्याला बंदरावरच अडवायचं. त्याच कायद्याने बोटीने येणाऱ्या प्रत्येक परदेशी उतारूमागे ५० सेंट कर बसवला आणि अडचणीतल्या स्थलांतरितांची सोय त्यातूनच करायची होती. म्हणजे त्यांच्या मदतीचे पैसे त्यांच्याच नावाने गोळा होत होते, हे मला फार महत्त्वाचं वाटतं.

कार्मेन रिचर्डसन १९५६ मध्ये मेक्सिकोहून कायदेशीरपणे आल्या आणि ॲरिझोनात राहिल्या. पुढे अपंगत्व आल्यावर त्यांनी मदतीसाठी अर्ज केला. बाकी सगळ्या अटी पूर्ण होत्या, पण नागरिक नसलेल्यांना देशात १५ वर्षं वास्तव्याची अट होती; म्हणून अर्ज फेटाळला. १९७१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्या बाजूने निकाल दिला : स्थलांतरितही कर भरतात, राज्यांना असा भेद करता येणार नाही. पाचच वर्षांनी त्याच न्यायालयाने केंद्राला मात्र अशा अटी घालण्याची मुभा दिली.

ती मुभा १९९६ मध्ये पुरेपूर वापरली गेली. बिल क्लिंटन यांनी सही केलेल्या कल्याण-सुधारणा कायद्याने नव्याने आलेल्या ग्रीन कार्डधारकांना केंद्राच्या बहुतेक गरजाधारित योजनांसाठी पाच वर्षं थांबायला लावलं. बेकायदा राहणारे यातल्या बहुतेक योजनांना आधीपासूनच अपात्र होते. अपेक्षित बचतीचा मोठा वाटा कायदेशीर स्थलांतरितांची मदत तोडूनच येणार होता. यातली काही मदत पुढच्या काही वर्षांत परत दिली गेली. मुलांची अन्नमदत २००२ मध्ये.

२०१९ मध्ये १८८२ पासूनच्या त्या ‘भार’ या शब्दात अन्नमदत, घरभाड्याची मदत आणि मेडिकेड, म्हणजे गरिबांसाठीचा सरकारी आरोग्य विमाही धरण्याचा नियम आला. तो २०२१ मध्ये मागे घेतला गेला, पण मधल्या काळात ग्रीन कार्ड हुकेल या धास्तीने अनेक आईबापांनी अमेरिकेत जन्मलेल्या, पूर्ण हक्कदार मुलांचीही नावं योजनांतून काढून घेतली होती. १९९६ च्या कायद्याने निर्वासितांना पाच वर्षांच्या अटीतून सूट दिली होती. जुलै २०२५ च्या कायद्याने त्यांना अन्नमदतीला पात्र असलेल्यांच्या यादीतून वगळलं.