डिफेन्सिव्ह मिडफिल्डर म्हणजे नुसता बॉल हिसकावणारा?
फुटबॉलमध्ये वर्षानुवर्षं फिरणारा गैरसमज आहे, की डिफेन्सिव्ह मिडफिल्डर (बचावफळीच्या जरा पुढे खेळणारा) म्हणजे पासिंग न जमणारा धिप्पाड गडी, काम काय तर पाय घालायचा न् बॉल काढायचा. स्पेनमध्ये तरी असं नाहीये. तिथे या जागेला पिवोते म्हणतात, म्हणजे ज्याच्याभोवती खेळ फिरतो तो, दाराची बिजागरी समजा. २०१० चा वर्ल्डकप स्पेनने असे दोघं खेळवून जिंकला, ७ मॅचमध्ये गोल खाल्ले फक्त २ (गोलकीपरचाही वाटा आहेच म्हणा). पटत नसेल तर त्यातली एखादी मॅच लावा आणि बॉल सोडून १० मिनिटं फक्त त्या दोघांपैकी एकाकडे बघा, पास यायच्या आधीच तो मान वळवून मागे कोण आहे ते बघून ठेवतो, मग एका टचमध्ये बॉल पुढे. पास आणि टॅकल (पाय घालून बॉल काढणं) दोन्ही मोजा, टॅकल बोटांवर मावतील, पास मोजताना दमाल.