झिम्बाब्वे २००८ : पगार हातात, पण उपयोग शून्य

१९८० साली झिम्बाब्वे स्वतंत्र झाला तेव्हा त्याचा डॉलर अमेरिकी डॉलरपेक्षा महाग होता. मोठा दणका बसला १४ नोव्हेंबर १९९७ला. तिजोरीत पैसा नसताना मुक्तियुद्धातल्या माजी सैनिकांना भरपाई जाहीर झाली आणि एका दिवसात चलन कोसळलं. पुढच्याच वर्षी सैन्य काँगोच्या युद्धात उतरलं. २०००पासून गोऱ्या शेतकऱ्यांच्या जमिनी घाईघाईने ताब्यात घेतल्या गेल्या. वसाहतकाळात जमिनी लुटल्या गेल्या होत्या, त्यामुळे फेरवाटपाची मागणी न्याय्यच होती. पण ज्या रीतीने ते झालं त्यात तंबाखूची निर्यात आणि मक्याचं पीक, दोन्ही बसलं. महसूल आटला आणि रिझर्व्ह बँक नोटा छापत सुटली.

जून २००७मध्ये सरकारने दुकानदारांना भाव सक्तीने उतरवायला लावले. दुकानं रिकामी झाली, आणि तेल-साखर काळ्या बाजारात गेली. जुलै २००८मध्ये खुद्द सरकारी आकड्यानुसार वार्षिक महागाई २३ कोटी टक्क्यांवर होती.

सगळ्यात भरडला गेला तो पगारदार. बँकेतून पैसे काढण्यावर मर्यादा होती. तासन्‌तास रांगेत उभं राहून जे मिळे, त्यात कधी कधी परतीचं बसभाडंही भागत नसे. हजारो शिक्षक आणि परिचारिका देश सोडून गेले. ज्यांचं कुणी दक्षिण आफ्रिकेत होतं त्यांची चूल पेटत राहिली: पीठ, तेल, साबण टपावर लादलेल्या गाड्या बाइटब्रिजची सीमा ओलांडून येत. बायका पलीकडच्या मुसिनाहून माल आणून विकत. चिदामोयोच्या मिशन रुग्णालयाने तर फी म्हणून भुईमूग, मका, कोंबड्या घेतल्या. शेंगदाणे भाजून, वाटून ते रुग्णांच्याच लापशीत घातले जात. मला या सगळ्यात शहाणा व्यवहार दिसतो. पण ज्याच्याकडे शेत नव्हतं, परदेशात नातेवाईक नव्हता, त्याला यातलं काहीच शक्य नव्हतं. त्यातच ऑगस्ट २००८पासून कॉलरा पसरला आणि ४,०००हून अधिक माणसं दगावली.

जानेवारी २००९मध्ये सरकारने परकीय चलनात व्यवहाराची मुभा दिली, तोवर बाजार कधीच दक्षिण आफ्रिकेच्या रँडवर आणि अमेरिकी डॉलरवर गेला होता. झिम्बाब्वे डॉलरमधल्या जुन्या खात्यांचा हिशेब लागला तो २०१५मध्ये: १७५वर १५ शून्यं, इतक्या रकमेपर्यंतच्या प्रत्येक खात्याला सरसकट ५ अमेरिकी डॉलर. कित्येकांची आयुष्यभराची बचत त्यातच निकालात निघाली.