'व्हॉलंटिअर' नेमका कोण? अमेरिकन यादवीतल्या पायदळाची पार्श्वभूमी

अमेरिकन यादवी (1861 ते 1865, उत्तरेची राज्यं म्हणजे केंद्र सरकार विरुद्ध फुटून निघालेली दक्षिणेची राज्यं) का झाली, गुलामगिरी, सम्टरचा किल्ला वगैरे सगळ्यांना माहितीये, त्यात शिरत नाही. आपल्याकडे हे युद्ध आठवतं ते मुंबईतल्या कापसाच्या तेजीमुळे, आणि 1865 ला ते संपल्यावर शेअरवाले कसे बुडाले त्यामुळे. पण तिकडच्या पायदळाबद्दल काहीही वाचायला घ्या, पहिल्याच पानावर 'अमुक राज्य व्हॉलंटिअर इन्फन्ट्री' असं येतं आणि आपण मराठीत डोळे झाकून 'स्वयंसेवक' लिहून मोकळे होतो. घोळ तिथूनच सुरू होतो. आपला स्वयंसेवक म्हणजे छातीला बिल्ला लावून रांग सांभाळणारा, पैसे न घेणारा. हे लोक महिना 11 डॉलर, ऑगस्ट 1861 पासून 13 डॉलर पगार घेत होते, आणि शेवटी शेवटी तर त्यातले बरेचजण स्वखुशीने आलेलेही नव्हते.

हा मुळात कायद्यातला शब्द. तेव्हा फौज तीन प्रकारची. पहिलं केंद्राचं खडं सैन्य, जेमतेम 16 हजारांचं, त्यातलं बरंचसं पश्चिमेकडच्या चौक्यांवर विखुरलेलं. दुसरी राज्यांची मिलिशिया, म्हणजे गरजेपुरती बोलवायची नागरिकांची फौज, जी 1795 च्या कायद्याप्रमाणे वर्षात तीन महिन्यांपेक्षा जास्त राबवता येत नव्हती. आणि तिसरे व्हॉलंटिअर, म्हणजे पलटण (रेजिमेंट) उभी करणार राज्य, कर्नल नेमणार गव्हर्नर, पण ठराविक मुदतीसाठी नोकरी केंद्राची. मुदत हा यातला कळीचा शब्द. मेक्सिकोच्या युद्धात 1847 ला वर्षभराच्या करारावरच्या सात व्हॉलंटिअर पलटणी मोहीम अर्धवट असताना घरी निघून गेल्या होत्या आणि सेनापती शत्रूच्या राजधानीच्या वाटेवर ताटकळत बसला होता. हे माहीत असूनही 15 एप्रिल 1861 ला राष्ट्राध्यक्षांनी 75 हजार माणसं मागितली ती तीन महिन्यांसाठीच, कारण कायद्यात तेवढंच बसत होतं. 21 जुलैला बुल रनची, या युद्धातली पहिली मोठी लढाई झाली त्या दिवशी सकाळी पेनसिल्व्हेनियाची एक पलटण आणि न्यूयॉर्कची एक तोफांची तुकडी मुदत संपली म्हणून मागे फिरली, समोर तोफा वाजत असताना. त्यांना खूप शिव्या बसल्या, पण मला विचाराल तर करार म्हणजे करार. त्याआधीच मे महिन्यात तीन वर्षांसाठी 42 हजारांची मागणी निघाली होती, आणि बुल रनच्या दुसऱ्याच दिवशी 5 लाखांपर्यंत व्हॉलंटिअर घ्यायला मंजुरी मिळाली.

हे 61 चे तीन वर्षवाले म्हणजे खरे व्हॉलंटिअर, माझा कल त्यांच्याकडे आहे हे लपवत नाही. पलटणीत दहा कंपन्या, साधारण हजार माणसं, कंपन्यांना ए ते के अक्षरं, मधलं 'जे' (J) अक्षर गाळलेलं, कारण हाताने लिहिताना 'आय' (I) आणि 'जे' सारखेच दिसायचे. एक कंपनी म्हणजे बऱ्याचदा एक गाव किंवा तालुका, कॅप्टन शेजारचाच वकील नाहीतर मास्तर, आणि तोही मतदानाने निवडलेला. नोंदवहीत प्रत्येकाची उंची, वर्ण, डोळ्यांचा रंग, केसांचा रंग, धंदा आणि एका रकान्यात मुदत.

त्या एका रकान्यापायी काय होऊ शकतं ते मेन राज्याच्या दुसऱ्या रेजिमेंटमध्ये दिसलं. राज्याने पलटण उभी केली दोन वर्षांसाठी, पण त्यातल्या काहींच्या सह्या झाल्या तीन वर्षांच्या कागदावर. त्यांची समजूत अशी की पलटण जाईल तेव्हा आपणही जाणार. मे 1863 ला दोन वर्षवाले गाजावाजात घरी गेले आणि उरलेल्या सुमारे 120 जणांना सांगितलं की तुमचं अजून एक वर्ष बाकी आहे. त्यांनी काम करायला नकार दिला. मग संगिनींच्या पहाऱ्यात त्यांना त्याच राज्याच्या विसाव्या रेजिमेंटकडे आणलं, सोबत हुकूम असा की ऐकलं नाही तर गोळी घाला. तिथला कर्नल वर्षभरापूर्वीपर्यंत कॉलेजात प्रोफेसर होता. त्याने आधी त्यांना जेवायला घातलं, पहारा काढला, गाऱ्हाणं ऐकून गव्हर्नरला पत्र लिहिलं आणि सगळ्यांना वेगवेगळ्या कंपन्यांत वाटून टाकलं. बहुतेकांनी पुन्हा बंदुका उचलल्या, आणि 2 जुलैला गेटिसबर्गच्या लढाईत टेकडीवर उत्तरेच्या सैन्याची डावी बाजू राखणाऱ्या त्या पलटणीत हेही होते. आता यांना व्हॉलंटिअर म्हणायचं की वेठीला धरलेले? कागदावर व्हॉलंटिअरच.

पुढे गुंता वाढला तो मार्च 1863 च्या सक्तीच्या भरतीच्या कायद्याने. या निर्णयावरून आजही वाद होतात. नाव चिठ्ठीत निघालं की 300 डॉलर भरून सुटायची सोय, किंवा बदली माणूस द्यायचा. 300 डॉलर म्हणजे शिपायाचा तेवीस महिन्यांचा पगार, त्यामुळे 'श्रीमंतांचं युद्ध, गरिबांची लढाई' हे तेव्हापासून चिकटलं ते चिकटलंच, आणि जुलैत न्यूयॉर्कमध्ये चार दिवस दंगल पेटली, त्यात सगळ्यात जास्त भरडले गेले ते शहरातले काळे लोक. 300 ची सोय 1864 ला जवळपास बंद केली. पण आकडे बघा: चार सोडतींत मिळून पावणेआठ लाखांच्या आसपास नावं निघाली, त्यातले स्वतः सैन्यात गेले फक्त सुमारे 46 हजार, बदली दिले गेले सुमारे 74 हजार, पैसे भरून सुटले सुमारे 87 हजार. म्हणजे सोडतीने माणसं फारशी आलीच नाहीत. ती होती बडगा म्हणून. जिल्ह्याने आपला कोटा व्हॉलंटिअरांनी भरला तर सोडत टळायची, म्हणून गावं, काउंट्या, राज्यं सगळेच बक्षिशी वाटत सुटले. केंद्राची रक्कम धरून काही ठिकाणी बेरीज हजार डॉलरपर्यंत जायची. मग पैसे घेऊन पळायचं, दुसऱ्या गावात दुसऱ्या नावाने भरती व्हायचं असा धंदाच सुरू झाला. आणि सोडतीचे, बदलीचे, बक्षिशीचे असे सगळे कोंबले कुठे, तर जुन्या व्हॉलंटिअर रेजिमेंटांत. पाटी तीच राहिली.

61 वाल्यांची मुदत 1864 ला संपत होती. त्यांना 402 डॉलर हप्त्याने, निदान तीस दिवसांची रजा आणि पलटणीतले तीन चतुर्थांश पुन्हा राहिले तर पलटणीचं नाव कायम, असं आमिष दाखवलं. सुमारे 1 लाख 36 हजार जणांनी पुन्हा सही केली. पैशांपेक्षा ती घरची रजा आणि पलटणीचं नाव जास्त कामाला आलं असं मला वाटतं, पलटणीचा नंबर पुसला जाणं या लोकांना सहन होत नव्हतं.

दक्षिणेत हा प्रश्न आधीच सोडवून टाकला होता, एप्रिल 1862 च्या कायद्याने वर्षाच्या बोलीवर आलेल्यांची मुदत सरळ तीन वर्षं करून. विचारलं कुणालाच नाही, फक्त अधिकारी नव्याने निवडायची मुभा दिली.

काळ्या सैनिकांचं अजून वेगळं. सुमारे 1 लाख 79 हजार भरती झाले, पण त्यांच्या बहुतेक पलटणींच्या नावात राज्यही नाही आणि व्हॉलंटिअरही नाही, आणि पगार 10 डॉलर, त्यातले 3 कपड्यांचे कापून हातात 7. मॅसॅच्युसेट्सच्या ज्या पलटणींना राज्याचं नाव होतं त्यांनी हा कमी पगार घ्यायलाच नकार दिला आणि दीड वर्ष फुकट लढले. आपल्या अर्थाने स्वयंसेवक कुणी असतील तर हेच. समान पगाराचा कायदा जून 1864 ला झाला.

1865 ला नोव्हेंबरपर्यंत आठेक लाख माणसं घरी पाठवली. 1917 च्या भरती कायद्यात बदली आणि बक्षिशी दोन्हीला बंदी घातली, ती याच अनुभवाने. त्याआधी 1890 चा पेन्शनचा कायदा आला, त्यात अट होती फक्त 90 दिवस नोकरी, सैन्यातून बिनडाग सुटका आणि आता कष्टाचं काम होत नाही एवढीच. आता 1864 च्या उन्हाळ्यात ओहायो वगैरे राज्यांनी शंभर दिवसांच्या पलटणी दिल्या होत्या, बऱ्याचशा रेल्वे आणि किल्ल्यांवर पहाऱ्याला. ते शंभर दिवसवाले आणि चार वर्षं काढलेले, दोघंही एकाच फॉर्मवर अर्ज करायला पात्र ठरले.