'प्रोटेस्ट'ला 'अगेन्स्ट' हवाच का?

इंदूरच्या भंवरकुआ भागात स्पर्धा परीक्षेची तयारी करणारी आपली मराठी मुलं एक नियम घोकताना दिसतात: 'प्रोटेस्ट' या क्रियापदापुढे 'अगेन्स्ट' नसेल तर वाक्य चूक. नियम अर्धाच खरा. ब्रिटिश इंग्रजीत निर्णयाला विरोध करताना 'अगेन्स्ट' लावतात; अमेरिकेत 'प्रोटेस्ट द डिसिजन' सर्रास चालतं आणि ते शुद्धच आहे.

खरी फसगत पुढेच आहे. 'ही प्रोटेस्टेड हिज इनोसन्स'. नियमाच्या भरात इथेही 'अगेन्स्ट' घुसवला, की आरोपी स्वतःच्याच निर्दोषपणाविरुद्ध मोर्चा काढतो! मूळ वाक्यात तो 'मी निर्दोष आहे' असं ठासून सांगतोय. हा काही अपवाद नव्हे, जुना अर्थ हाच. लॅटिन 'प्रोटेस्टारी' म्हणजे जाहीरपणे सांगणं. त्यातला 'टेस्टिस' म्हणजे साक्षीदार. १५२९ मध्ये जर्मनीतल्या स्पायरच्या सभेत ख्रिस्ती धर्मसुधारक मार्टिन ल्यूथरला मानणारे संस्थानिक आणि १४ शहरांनी आपली हरकत अशीच जाहीर निवेदनाने नोंदवली, त्यावरून 'प्रोटेस्टंट' हे ख्रिस्ती पंथाचं नाव आलं. मोर्चा-घोषणांचा अर्थ फार नंतरचा.

नाम म्हणून वापरताना मात्र 'अ प्रोटेस्ट अगेन्स्ट' दोन्हीकडे चालतं. तेव्हा उच्चारात जोर 'प्रो'वर. क्रियापदात बहुधा 'टेस्ट'वर.