कापड बदललं, धुण्याची रीत मागेच राहिली

उघड्या मोटारीचा कापडी टप साफ कसा करायचा, हे दहा जणांना विचारलं तर दहा उत्तरं मिळतात. कुणी म्हणतं कपड्यांचा साबण पुरे, कुणी चकाकीचं द्रावण लावायला सांगतं, कुणी तेलाचा हात फिरवायला सांगतं, तर कुणी कोरड्या ब्रशशिवाय काहीच लावू देत नाही. यातलं जवळजवळ प्रत्येक उत्तर कधी ना कधी बरोबर होतं. फक्त ते वेगवेगळ्या काळातल्या वेगवेगळ्या टपांसाठी बरोबर होतं. मोटार आल्यापासून टपाचं कापड चार-पाच वेळा बदललं, आणि दर वेळी आधीच्या टपाच्या सवयी नव्या टपाच्या माथी आल्या. चांगले टप मी याच कारणाने वाया जाताना पाहिले आहेत. म्हणून बादली भरण्याआधी हा इतिहास माहीत हवा.

मोटारीचा टप मुळात मोटारीसाठी जन्मलाच नाही. तो घोडागाडीवरून जसाच्या तसा उचलला गेला. लँडो (हे नाव जर्मनीतल्या लांडाऊ गावावरून आलं), फेटन, व्हिक्टोरिया अशा गाड्यांना कमानींवर ताणलेला चामड्याचा टप असे. चामडं टिकवायचं तर त्याला तेल पाजावं लागतं. गुरांच्या पायांच्या हाडांपासून काढलेलं नीट्सफूट तेल यासाठी वापरलं जाई. कोचमनची शिस्तही ठरलेली होती. गाडी उभी असताना टप चढवून ताणलेला ठेवायचा, कारण घडीच्या जागी वाळलेलं चामडं तडकतं. आणि ओला टप कधीही उतरवायचा नाही. हे दोन्ही नियम आजच्या टपालाही जसेच्या तसे लागू पडतात. तेलाचा नियम मात्र चामड्याबरोबरच संपायला हवा होता. तो संपला नाही, आणि आजही काही जण विणलेल्या कापडाला तेलकट काहीतरी चोळतात. त्यावर धूळ बसते आणि मग ती निघता निघत नाही.

दुसरा धागा रबराचा. १८२३ साली ग्लासगोच्या चार्ल्स मॅकिंटॉशने कोळशाच्या डांबरातून मिळणाऱ्या नॅप्थ्यात रबर विरघळवलं आणि ते दोन कापडांच्या मधे भरून जलरोधक कापडाचं पेटंट घेतलं. कच्चं रबर उन्हात चिकट होई आणि थंडीत कडक. १८३९ मध्ये अमेरिकेत चार्ल्स गुडइयरला गंधकाबरोबर तापवलेलं रबर दोन्हीला पुरून उरतं असं आढळलं, आणि १८४४ मध्ये त्याला पेटंट मिळालं. कापड, रबर, कापड ही तीन थरांची रचना टपाने तिथून घेतली आणि ती अजूनही सोडलेली नाही.

ही रचना डोळ्यांनी पाहण्यासारखी आहे. टप बदलणाऱ्या कारागिराकडून जुन्या टपाचा एक कापलेला तुकडा मागून घ्या आणि त्याची कड नखाने सोलून बघा. वर रंगीत विणीचं कापड, खाली अस्तराचं पातळ कापड, आणि दोन्हीच्या मधे पेन्सिलीने ओढल्यासारखी एक काळी रेघ. गाडीत पाणी येऊ न देण्याचं खरं काम ही काळी रेघ करते. वरचं कापड ऊन, धूळ आणि घासणं सोसतं. डाग जाईना म्हणून टपावर पेट्रोल किंवा थिनर चोळणारा माणूस वरचं कापड साफ करत असतो, पण ते द्रव विणीतून खाली उतरतात आणि त्या रेघेला इजा करतात. मॅकिंटॉशने रबर विरघळवायला जे वापरलं, त्याच जातीचे हे पदार्थ आहेत, एवढं लक्षात ठेवलं तरी हात आवरतो.

१९०८ साली फोर्डची मॉडेल टी आली, तेव्हा टप ही चैन नव्हती. बहुतेक गाड्या उघड्याच असत आणि पावसाच्या वेळी टप हाच एकमेव आडोसा. गाडीबरोबर मिळणाऱ्या माहितीपुस्तिकेत टपाविषयी अगदी थोडकं सांगितलेलं होतं: दुमडताना कापड कमानींच्या मधे चिमटू देऊ नका, नाहीतर घासून लवकरच भोक पडेल, आणि जुन्या टपाला चांगलं 'ड्रेसिंग' लावलं तर तो पुन्हा देखणा दिसेल. पहिली सूचना आजही सोन्यासारखी आहे. दुसरीने मात्र पुढे घोळ केला.

ड्रेसिंग म्हणजे काय, हे समजायला त्या काळचं कापड आठवावं लागतं. खरं चामडं महाग पडू लागलं तसं कापडावर लेप देऊन केलेलं नकली चामडं पुढे आलं. ड्यूपाँ या अमेरिकी रसायन कंपनीने १९१० मध्ये फॅब्रिकॉइड नावाचं असं नकली चामडं बनवणारी कंपनी विकत घेतली. तिच्या कापडावर नायट्रोसेल्युलोजचा लेप असे. आपण ज्याला सरसकट रेक्झिन म्हणतो, तेही मूळचं अशाच लेपाच्या ब्रिटिश कापडाचं व्यापारी नाव. हा लेप घडीच्या जागी भेगाळतो. तेव्हा त्यावर काळं ड्रेसिंग फासणं म्हणजे भेगा बुजवून पुन्हा रंग देणं. लेपाच्या कापडाला ते शोभायचंच. विणलेल्या कापडावर तोच प्रकार केला की विणीची भोकं बुजतात, कापड ताठ होतं आणि पुढच्या घडीला रंगासकट तडकतं.

यानंतर बंद मोटारी आल्या. अमेरिकेत १९१९ साली विकल्या गेलेल्या गाड्यांपैकी जेमतेम १० टक्के बंद होत्या. १९२७ पर्यंत हे प्रमाण ८५ टक्क्यांवर गेलं. उघडी गाडी आता गरज राहिली नाही, हौस झाली. हौसेला चांगलं कापड लागतं. अंगोरा शेळीच्या लोकरीचं मोहेर टपावर आलं, ब्रिटनमध्ये जाड सुती डक कापड चालत राहिलं. सुती आणि लोकरी कापडाचा शत्रू बुरशी. सुताचा धागा साध्या हवेतूनसुद्धा वजनाच्या आठ टक्क्यांच्या आसपास ओल धरतो आणि बुरशीला खायलाही तोच मिळतो. पाण्याचा हात कमी लावा, ब्रशने कोरडंच झाडा, हा सल्ला या काळातला. त्या कापडासाठी तो शहाणपणाचा होता.

१९३९ साली प्लिमथ या अमेरिकी मोटार कंपनीने यंत्राने चढणारा-उतरणारा टप आणला. तो इंजिनाच्या निर्वात शोषणावर चालायचा. टपाच्या निगेच्या दृष्टीने हा बदल मला फार मोठा वाटतो, आणि त्याची चर्चा फारशी होत नाही. हाताने टप ओढताना कापड आकसलंय, कुठे अडकलंय, शिवण ताणली जातेय हे बोटांना कळतं. बटण दाबणाऱ्याला ते कळत नाही. मळाने आणि वाळण्याने ताठ झालेला टप यंत्र तितक्याच जोराने ओढतं आणि पहिल्यांदा शिवण उसवते. टप मऊ आणि स्वच्छ ठेवणं हा त्या दिवसापासून दिसण्याबरोबर टिकण्याचाही प्रश्न झाला.

जर्मनीत ओस्नाब्रुकच्या कारमान कारखान्यात १९४९ ते १९८० या काळात फोक्सवॅगन बीटल मोटारीचे उघडे अवतार बनले. त्यांचा टप अनेक थरांचा, आत जाड भरण असलेला. थंडी आणि आवाज दोन्ही अडवणारा. असा टप एकदा आतपर्यंत भिजला तर वरून कोरडा लागूनही आत दमटच राहतो. वरून हात फिरवून 'वाळला' म्हणू नये, हे अशा टपांनी शिकवलं.

दुसऱ्या महायुद्धानंतरची दोन-तीन दशकं व्हिनाइलची, म्हणजे पीव्हीसी प्लास्टिकची. बी. एफ. गुडरिच या अमेरिकी रबर कंपनीत वाल्डो सेमनने १९२६ साली पीव्हीसी लवचीक करण्याची युक्ती शोधली होती. पन्नाशीच्या दशकात ते टपांवर सर्रास दिसू लागलं. धुवायला याच्याइतकं सोपं काही नाही: साबणाचं पाणी, फडकं, झालं. त्याचं दुखणं वेगळं आहे. त्याला मऊ ठेवणारा घटक उन्हाने हळूहळू निघून जातो आणि मग ते कडक होऊन फाटतं. त्यासाठी संरक्षक द्रावणं आली, चकाकी आली, आणि टप चकाकला म्हणजे निगा झाली अशी समजूत रुजली. मागच्या काचेच्या जागीही पारदर्शक प्लास्टिक होतं, ते पिवळं पडायचं आणि थंडीत दुमडलं तर चिरायचं. माझदा एमएक्स-५ ला १९८९ मध्ये प्लास्टिकचीच खिडकी होती; १९९८ च्या दुसऱ्या पिढीत खरी काच आली.

मधे तर उघडी गाडीच संपते की काय अशी वेळ आली. कॅडिलॅकने १९७६ ची एल्डोराडो अमेरिकेची शेवटची उघडी गाडी म्हणून विकली. १९८२ मध्ये ली आयाकोकांच्या क्रायस्लर कंपनीने लबॅरन ही उघडी गाडी आणून तो दावा खोटा ठरवला.

दरम्यान खरा बदल मोटारीच्या बाहेर झाला होता. अमेरिकेतल्या ग्लेन रेव्हन कंपनीने १९६१ मध्ये दुकानांच्या छज्ज्यांसाठी सनब्रेला नावाचं ॲक्रिलिक कापड काढलं. यात रंग धाग्याला वरून देत नाहीत. धागा ओढण्याआधीच्या पातळ द्रवातच मिसळतात. हळकुंड कुठेही मोडलं तरी आत पिवळंच असतं, तसा हा धागा आतपर्यंत रंगीत असतो. त्यामुळे उन्हात रंग लवकर विटत नाही. धागा ओलही फारशी धरत नाही, वजनाच्या दोन टक्क्यांच्या आसपास. हीच पद्धत पुढे टपावर आली: वर असं ॲक्रिलिक, मधे ब्युटाइल रबर, खाली सूत-पॉलिएस्टरचं अस्तर. अनेक जण या कापडाला अजूनही मोहेर म्हणतात आणि नावाबरोबर मोहेरचा सल्लाही देतात: पाणी लावू नका. खरं तर या कापडाला भरपूर पाणी लागतं. बुरशीला धागा खाता येत नाही, पण विणीत अडकलेला मळ खाता येतो, आणि मळ पाण्यानेच निघतो.

मात्र ॲक्रिलिकचा धागा स्वतः पाणी परतवत नाही. ते काम त्यावरच्या लेपाचं. १९५३ साली थ्रीएम या अमेरिकी कंपनीच्या प्रयोगशाळेत एका मदतनीस मुलीच्या कॅनव्हासच्या बुटावर फ्लोरिनयुक्त रसायन सांडलं आणि ते कशानेच निघेना. पॅट्सी शर्मन आणि सॅम्युअल स्मिथ यांनी त्यातून कापडाला पाणी आणि डाग धरू न देणारं स्कॉचगार्ड घडवलं. १९५६ मध्ये ते बाजारात आलं. याच जातीच्या लेपांमुळे टपावर पाण्याचे थेंब मोत्यासारखे उभे राहतात.

हा लेप कपड्यांच्या साबणाने मी स्वतः घालवला आहे. टप धुऊन झाल्यावर छान दिसत होता. पुढच्या पावसात थेंब उभे राहिलेच नाहीत. पडले तिथे पसरले आणि कापड गडद होत गेलं. साबणाच्या कणाचं एक टोक पाण्याला धरून ठेवतं. खळबळून न काढलेला साबण धाग्यावर राहिला की तोच पाणी आत ओढतो. तेव्हापासून सौम्य क्लीनर, मऊ ब्रश, आणि वाहणाऱ्या पाण्यात फेस दिसेनासा होईपर्यंत खळबळणं, यात मी काटछाट करत नाही. टप नेहमी अख्खा धुवावा. एकच डाग धुतला तर त्याभोवती मळाची कड उमटते. जोराच्या फवाऱ्याने पाणी शिवणीच्या भोकांतून आत शिरतं, म्हणून तो दूर ठेवावा. पूर्ण वाळल्यावर काच झाकून नव्या लेपाचे दोन पातळ हात द्यावेत.

आता कापड तेच राहून लेप बदलतो आहे. फ्लोरिनची ही रसायनं निसर्गात मोडत नाहीत. थ्रीएमने २००० साली जुनं रसायन बनवणं बंद करायचं जाहीर केलं, युरोपीय संघाने २०२० पासून याच कुळातल्या पीएफओए या रसायनावर निर्बंध घातले, आणि २०२२ च्या डिसेंबरात थ्रीएमने या सगळ्या कुळाचं उत्पादन २०२५ अखेर थांबवणार असल्याचं सांगितलं. हा निर्णय मला योग्य वाटतो. फ्लोरिनशिवायचे नवे लेप पाणी चांगलं परतवतात, तेल मात्र परतवत नाहीत. त्यामुळे झाडाचा चीक आणि तेलकट डाग जुन्या लेपावर जसे वरच्या वर राहायचे, तसे आता राहत नाहीत. ते दिसले त्याच दिवशी भिजवून काढावे लागतात.