अंखोरच्या दोन काठांवर: ताश्कंद पायी पाहण्याआधी

ताश्कंद पायी पाहायचे तर सुरुवात अंखोर कालव्याच्या काठावरून करावी. पूर्वेला रुंद, सरळ, झाडांनी भरलेले रस्ते. पश्चिमेला चारसू बाजाराच्या दिशेने एस्की शहर, म्हणजे जुने शहर. पर्यटकांना साधारण एवढेच सांगितले जाते की १९६६च्या भूकंपात जुने ताश्कंद पडले आणि सोव्हिएत सरकारने नवे उभारले. हे अर्धेच खरे आहे. जुन्या वस्त्या हटवून नवे शहर बांधण्याचे काम भूकंपाच्या आधीच सुरू झाले होते. भूकंपाने त्याला वेग दिला, पैसा दिला आणि माणसेही दिली. हे ठाऊक असले की कोणती भिंत का उभी आहे आणि कोणती का नाही, याचा उलगडा रस्त्यावरच होत जातो.

मुळात शहराची दोन शकले सोव्हिएत काळापूर्वीच झाली होती. १८६५मध्ये रशियन जनरल चेर्नियायेवच्या सैन्याने ताश्कंद घेतले आणि १८६७मध्ये ते तुर्कस्तान प्रांताच्या गव्हर्नर-जनरलचे ठाणे झाले. रशियनांनी जुन्या शहराला फारसा हात न लावता कालव्यापलीकडे आपले स्वतंत्र गाव आखले. त्याचे रस्ते एका चौकातून किरणांसारखे फुटतात. तो चौक म्हणजे आजचा अमीर तिमूर (आपल्याकडचा तैमूरलंग) चौक. रस्त्यांच्या कडेने उघडे पाट काढून झाडांना पाणी देण्याची इथली जुनी पद्धत मात्र त्यांनी जशीच्या तशी उचलली. या पाटांना 'अरीक' म्हणतात आणि ते आजही वाहतात. पदपथ आणि रस्ता यांच्या मधोमध, बऱ्याच ठिकाणी झाकणाशिवाय. अंधारात पाय मुरगळण्याचे इथले हे नेहमीचे कारण, म्हणून संध्याकाळनंतर फरसबंदीच्या कडेने चालू नये.

या झारकालीन गावातल्या इमारती ओळखायला सोप्या: पिवळसर भाजकी वीट, गिलावा नाही, नक्षी विटांच्याच मांडणीतून काढलेली. अमीर तिमूर चौकातून सायिलगोह या पादचारी रस्त्याने पश्चिमेला निघाले की शेवटाजवळ झारच्या घराण्यातला ग्रँड ड्यूक निकोलाय कोन्स्तांतिनोविच याचा १८९१चा वाडा लागतो. पुढे मुस्ताकिल्लिक (स्वातंत्र्य) मैदान आणि त्यामागे अंखोर. अंतर दीड किलोमीटरच्या आसपास, पण वाटेत रेंगाळण्यासारखे इतके आहे की दोन तास सहज जातात.

चौकाचा इतिहास पुतळ्यांवरून सांगता येतो. इथे आधी गव्हर्नर-जनरल काउफमान होता, पुढे स्टालिन, त्यानंतर १९६८मध्ये कार्ल मार्क्सचे भव्य मस्तक आले. १९९३पासून घोड्यावर स्वार अमीर तिमूर आहे. या चौकातले जुने चिनार २००९मध्ये तोडले गेले, आणि ती सावली गेल्याचे दुःख शहराला आजही आहे. चौकाच्या कडेला उघडलेल्या पुस्तकासारखे दिसणारे सतरा मजली हॉटेल उझबेकिस्तान (१९७४) आहे. त्याच्या दर्शनी भागावरची काँक्रीटची जाळी नीट पाहावी, कारण पुढे ती सगळीकडे भेटते.

१९२४मध्ये उझबेक सोव्हिएत गणराज्य झाले तेव्हा राजधानी समरकंद होती, ती १९३०मध्ये ताश्कंदला आली. भारताच्या दृष्टीने महत्त्वाची घटना त्याआधीची: १७ ऑक्टोबर १९२० रोजी मानवेंद्रनाथ रॉय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी परदेशातला भारतीय कम्युनिस्ट पक्ष याच शहरात स्थापन केला. १९४१नंतर युद्धामुळे पश्चिमेकडचे कारखाने, रुग्णालये आणि अनाथ मुले आगगाड्या भरभरून इथे आली. लोहार शोअहमद शोमहमूदोव आणि त्यांच्या पत्नी बाहरी यांनी अशी चौदा-पंधरा मुले घरी वाढवली. 'लोकमैत्री राजवाडा' (१९८१) या भव्य सभागृहासमोर त्यांचे स्मारक आहे. २००८मध्ये ते तिथून हलवले होते, दहा वर्षांनी परत आणले. नवोई ऑपेरा थिएटर १९४७मध्ये पुरे झाले. त्याचे वास्तुकार अलेक्सेई श्चुसेव, मॉस्कोतली लेनिनची समाधी बांधणारे. बांधकामावर जपानी युद्धकैदीही होते, त्याची पाटी भिंतीवर आहे. १९६६च्या हादऱ्यातून ही इमारत बचावली.

जानेवारी १९६६ मराठी वाचकाला वेगळ्या कारणाने आठवतो. १० तारखेला लालबहादूर शास्त्री आणि अयूब खान यांनी ताश्कंद करारावर सह्या केल्या आणि त्याच रात्री शास्त्रीजी गेले. त्यांच्या नावाचा रस्ता आणि पुतळा शहरात आहे. म्हणजे शास्त्रीजींनी जे ताश्कंद पाहिले, ते बहुतांशी भूकंपाआधीचे होते. मध्ये फक्त साडेतीन महिने गेले.

२६ एप्रिल १९६६, पहाटे ५ वाजून २३ मिनिटे. भूकंप आकड्यांत मोठा नव्हता, सुमारे ५.२ क्षमतेचा. पण केंद्र थेट शहराच्या पोटात आणि जेमतेम काही किलोमीटर खोल. त्यामुळे हादरा खालून वर, उभा बसला. उभ्या धक्क्यात घरे आडवी होत नाहीत. भिंतींना भेगा पडतात, छपराचे वासे जागा सोडतात. तरीही मृतांचा अधिकृत आकडा अगदी कमी राहिला. किल्लारीत १९९३ला मातीत रचलेल्या जाड दगडी भिंती आणि वरच्या मातीच्या जड धाब्यांनी माणसे गाडली. ती तुलना इथे उपयोगी पडते. ताश्कंदचे जुने घर 'सिंच' पद्धतीचे: लाकडी खांब, आडवे वासे, तिरपे आधार आणि मधल्या चौकटींत कच्च्या विटा किंवा मातीचे गोळे. हादऱ्यात माती गळते, सांगाडा लवतो आणि उभा राहतो. 'पाखसा' म्हणजे नुसत्या चिखलाचे जाड थर एकावर एक चढवून केलेली भिंत. ती मुख्यतः कुंपणाला वापरत आणि तीच जास्त फुटली.

सुमारे तीन लाख लोक बेघर झाले. त्याच दिवशी सोव्हिएत पक्षप्रमुख ब्रेझनेव्ह आणि पंतप्रधान कोसिगिन विमानाने येऊन दाखल झाले. त्यानंतर निर्णय झाला तो दुरुस्तीचा नव्हे, नव्या बांधणीचा. भेगाळलेली पण दुरुस्त होण्याजोगी असंख्य घरे यंत्रांनी सपाट केली गेली. एकेका गणराज्यातून बांधकामाच्या तुकड्या आल्या आणि त्यांनी आपापले भाग उभारले. मुख्य काम तीन-साडेतीन वर्षांत उरकले. नैऋत्येकडची चिलांझार वसाहत मात्र १९५०च्या दशकाच्या अखेरीपासूनच बांधली जात होती. नवोई रस्ता तर त्याहून आधी, १९३०च्या दशकात, जुन्या शहरातून काढलेला. शहराची पुनर्रचना आधी ठरलेली होती असे म्हणायला हे दोन पुरावे पुरेसे आहेत, आणि दोन्हींवरून पायी चालता येते. 'धैर्य' स्मारक (१९७६, शिल्पकार द्मित्री र्‍याबिचेव) अंखोरच्या जवळच आहे. दुभंगलेल्या दगडी घनावर तारीख आणि वेळ कोरली आहे. घनातून निघालेली भेग जमिनीवरून स्त्री-मुलाला पाठीशी घेणाऱ्या पुरुषाच्या पायापर्यंत जाते. समोरून नव्हे, घनाच्या बाजूने भेगेसोबत चालत जावे, म्हणजे रचना कळते.

चिलांझारमध्ये जुन्या इमारती चार मजली का, असा प्रश्न पडतो. मॉस्कोत त्याच काळात पाच मजली बांधत होते. इथे भूकंपाच्या भीतीने एक मजला कमी ठेवला. पुढे बांधकामशास्त्र सुधारले तसे नऊ मजली पॅनेलची घरे आली. त्यांच्या बिनखिडकीच्या बाजूच्या भिंतींवरची मोझेक चित्रे झार्स्की बंधूंची. चित्रे भिंतीवर चढून केलेली नाहीत. कारखान्यात साच्यात तुकडे मांडून वर काँक्रीट ओतले जाई आणि तयार पॅनेल क्रेनने बसवले जाई. म्हणून जवळून पाहिले की पॅनेलांच्या सांध्यांवर नक्षी किंचित सरकलेली दिसते.

आता हॉटेल उझबेकिस्तानवरची ती जाळी. तिचे नाव 'पंजरा', आपल्या पिंजऱ्याची आठवण करून देणारे. चाळीस अंशांच्या उन्हात काच तापू नये म्हणून दक्षिण-पश्चिम दर्शनी भागांवर काँक्रीटची जाळी लावत. जुन्या लाकडी आणि गंचाच्या (जिप्समच्या गिलाव्याच्या) जाळ्यांचे नमुने त्यासाठी घेतले. सर्वांत देखणे उदाहरण म्हणजे पूर्वीचे लेनिन संग्रहालय (१९७०), आजचे इतिहास संग्रहालय. सोळा मजली 'झेमचुग' म्हणजे मोती (१९८५, वास्तुकार ओडेटा आयदिनोवा) हा याच्याही पुढचा प्रयोग: दर तीन मजल्यांमागे एक सामाईक अंगण, म्हणजे उभा मोहल्ला. ताश्कंदच्या सोव्हिएत इमारती इतर शहरांच्या नकला नाहीत, हे समजायला या दोन इमारती पुरतात.

दुपारी बारा ते चार जमिनीखाली जावे. २५ जून ते ५ ऑगस्ट हे सुमारे चाळीस दिवस इथे 'चिल्ला' म्हणून ओळखले जातात आणि त्या काळात भर दुपारी चालणे खरोखर धोक्याचे आहे. मेट्रो ६ नोव्हेंबर १९७७ला सुरू झाली, मध्य आशियातली पहिली. भूकंपाचा विचार करून ती उथळ बांधली आहे. स्थानके अणुहल्ल्यातला आसराही होती, म्हणून छायाचित्रांना बंदी होती. ती २०१८मध्ये उठली. पाख्ताकोरला (अर्थ: कापूस पिकवणारा) बोंडांची मोझेक पाहावी, तिथूनच अलीशेर नवोई स्थानकावर बदलावे आणि उझबेकिस्तान मार्गाने दोन स्थानके पुढे कोस्मोनाव्तलारला उतरावे. निळ्या भिंतींवर गागारिन, तेरेश्कोवा आणि त्यांच्यासोबत समरकंदचा खगोलज्ञ राजा उलुगबेग आहे. उलट दिशेला तोच मार्ग चारसूला नेतो.

चारसूच्या निळ्या घुमटाखाली बाजार तसा जुनाच, घुमट १९८०चा. शेजारी सोळाव्या शतकातली कुकेलदाश मदरसा. इथून उत्तरेला हस्त इमाम या धार्मिक संकुलापर्यंत दीड-दोन किलोमीटर गल्ल्यांतून जाता येते. जुन्या शहराच्या चार पेठा होत्या (उझबेकमध्ये पेठेला 'दहा' म्हणतात): बेशयोगोच, कुकचा, शेखंतोहूर आणि सेबझोर. या गल्ल्या अंतर वाचवण्यासाठी घडलेल्याच नाहीत. प्रत्येक गल्ली मोहल्ल्यातल्या घरांपर्यंत पोहोचवते आणि तिथेच संपते. नकाशात आरपार दिसणारा बोळ एखाद्याच्या दारात थांबतो. म्हणून दर दोन वळणांनी मिनार किंवा घुमट कुठे आहे ते पाहून ठेवावे आणि दार उघडे दिसले तरी विचारल्याशिवाय आत पाऊल टाकू नये. रस्त्याकडे खिडकी नाही, दरवाज्यामागे आडवी भिंत, मग अंगण, ओसरी, द्राक्षाचा मांडव: जुन्या वाड्याची सवय असलेल्याला हे लगेच कळते. गिलावा पडला असेल तिथे सिंचचे तिरपे वासे दिसतात. दारांवरून कमानीसारखे जाणारे पिवळे गॅसचे नळ ही सोव्हिएत काळाची खूण, जुन्या शहराच्याही डोक्यावर.

हस्त इमाममधल्या बराक खान मदरशात १९४३पासून मध्य आशियाच्या मुस्लिम धार्मिक मंडळाचे कार्यालय होते. युद्धात धर्माला थोडी जागा देण्याच्या स्टालिनच्या धोरणाचा तो भाग. आजचे ऐसपैस पटांगण मात्र २००७चे आहे. त्या जागेवर आधी वस्ती होती.

पत्ते शोधताना दोन अडचणी येतात. १९९१नंतर नावे बदलली, काही दोनदा: मेट्रोचे 'लोकमैत्री' स्थानक २००८मध्ये बुन्योद्कोर झाले आणि २०१८मध्ये पुन्हा मूळ नावावर आले. वयस्कर माणसे जुनीच नावे सांगतात, पाट्या कुठे लॅटिन तर कुठे सिरिलिक लिपीत. चिलांझारमध्ये तर घरांना रस्त्यावरून क्रमांकच नाहीत. आधी क्वार्तलचा, म्हणजे इमारतींच्या गटाचा क्रमांक, मग त्या क्वार्तलातल्या इमारतीचा. सात आणि आठ नंबरच्या इमारती एकमेकींपासून दोनशे पावलांवर असू शकतात, त्यामुळे टॅक्सीला क्वार्तल सांगावा आणि पुढे अंगणातल्या लोकांना विचारावे.

आणि छापील नकाशा जुना असेल तर तो तपासून घ्यावा. १९८२चे 'दोम किनो' हे चित्रपटगृह २०१८मध्ये पाडले गेले. ताश्कंद सिटी या नव्या प्रकल्पासाठी ओल्मझोर मोहल्ल्यातली घरेही त्याच सुमारास गेली. भूकंपात टिकलेले सिंचचे घर आणि भूकंपानंतर बांधलेली काँक्रीटची इमारत, दोन्ही एकाच सुमारास, एकाच कामासाठी.